घागरीत पाणी भरताना: नाशकात एक विचित्र रचना बसवली त्याची गोष्ट

"ते घागर-बिगर वाजवलेलं तुम्हीच ना? आम्हालाही असं काहीतरी करायचंय, सुरुवात कुठून करू?" असं विचारणारा तिसरा फोन परवा आला. दर वेळी अर्धा तास बोलण्यापेक्षा, घागरीत पाणी ओतत पाच वादकांनी वाजवलेल्या त्या रचनेची गोष्ट एकदा लिहून ठेवतो. मी संगीत शिकलेला माणूस नाही. अंबडला एका कारखान्यात स्टोअर सांभाळतो आणि सतरा वर्षं पंचवटीतल्या एका भजनी मंडळात पेटी वाजवतो. भांडवल म्हणाल तर एवढंच.

डोक्यात बी पडलं ते २०१९ च्या ऑगस्टमधल्या पुरात. गंगापूर धरणातून किती क्युसेक सोडलं ते पेपरात छापून येतं, पण आपण नाशिककर विचारतो, "मारुतीच्या कुठवर आलंय?" घोटा, गुडघा, कंबर, छाती, गळा. नदीपात्रातला दुतोंड्या मारुती हीच आपली मोजपट्टी. पोलिसांनी अडवलं तिथूनच लोक एकमेकांना सांगत होते, "छातीला लागलं." त्या प्रत्येक शब्दाबरोबर गर्दीचा आवाज बदलत होता. नुसत्या या पाच शब्दांवर काही वाजवता येईल का, असं वाटून गेलं आणि राहून गेलं.

मग जानेवारी २०२४. आई सकाळी तांब्याची घागर नळाखाली लावते. महापालिकेचं पाणी त्या दिवशी बारीक धारेनं येत होतं, म्हणून मी तिथंच उभा. भरताना धारेचा आवाज हळूहळू चढत जातो, हे सगळ्यांनी ऐकलेलं असतं. सहज घागरीला टिचकी मारत गेलो, तर टिचकीचा सूर मात्र उतरत चाललेला! भरताना चढतो, वाजवताना उतरतो. कारणं साधी आहेत. धार पडते तेव्हा आत घुमते ती वरची हवा, आणि पाणी चढेल तशी ती हवा आखूड होते. टिचकी मारली की थरथरतो तो पत्रा, आणि त्याला आता पाण्याचंही ओझं हलवायचं असतं, म्हणून तो मंदावतो. जलतरंगाचे कप याच हिशेबानं भरतात. पण एकाच भांड्यातून एकाच वेळी चढणारा आणि उतरणारा सूर, हे मी लक्ष देऊन कधी ऐकलं नव्हतं. शिवाय घागरीलाही गळा असतोच.

एप्रिलपर्यंत ए-थ्री आकाराच्या पाच कागदांवर, पुरातल्या त्या पाच शब्दांना एकेक कागद अशी, रचना उतरली. स्वरलिपी नाही, चित्रं. डावीकडून उजवीकडे वेळ, खालून वर पाणी. नागमोडी रेघ म्हणजे मींड, एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाणारी, पण कुठल्याही स्वरावर न टेकणारी. दोन समांतर रेघा म्हणजे एका फुंकरीत दोन सूर. काळा डाग म्हणजे दाटून आलेला आवाज, कसा काढायचा तो ज्याचा त्यानं बघावा. घरी मुलीनं विचारलं, "बाबा, हे ईसीजी आहे का?"

असं लिहिणारा मी काही पहिला नाही. या काळात रात्री कानाला हेडफोन लावून बरंच ऐकलं आणि वाचलं. पाश्चात्त्यांकडे चेंबर संगीत म्हणजे मूळचं दिवाणखान्यातलं संगीत, मोजके वादक, आपल्या बैठकीच्या जवळचं. शोनबर्ग या ऑस्ट्रियन रचनाकारानं १९१२ साली ‘पिएरो ल्युनेर’मध्ये पाच वादक आणि एक आवाज घेतला, आणि पुढं कित्येक नव्या रचनाकारांनी साधारण तोच पाचांचा साचा धरला. माझे पाच तिथूनच आले. अमेरिकन रचनाकार टेरी रायलीच्या १९६४ च्या ‘इन सी’मध्ये ५३ छोटे तुकडे आहेत. प्रत्येक वादक आपापल्या मनानं पुढच्या तुकड्यावर जातो, सगळ्यांना चालवणारा कुणी नाही. हाच रायली पुढं किराणा घराण्याच्या पंडित प्राणनाथांचा शागीर्द झाला. ही शेवटची माहिती नीट लक्षात ठेवा. आपल्याकडच्या जुन्या वादकांना पटवताना बाकीच्या सगळ्या पांडित्यापेक्षा तीच कामाला आली.

पाच जण जमवायला मे-जून गेले. चेलो, म्हणजे व्हायोलिनचा मोठा, खर्जातला भाऊ, शोधण्यात दोन आठवडे घालवले, ते वाया. जे गावात आहे तेच घ्यायचं असं मग ठरवलं. व्हायोलिनला क्लास घेणाऱ्या एक ताई. पखवाजाला आमच्याच मंडळातले आण्णा, वय ७१. पेटी माझी. घागर आणि परातींवर ढोल पथकातला एक पोरगा, इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाचा. क्लॅरिनेटला जुन्या नाशकातल्या एका लग्नाच्या बँडचे मास्तर. त्यांना भेटायला तीनदा गेलो. दोनदा ते वरातीत होते. तिसऱ्यांदा त्यांनी कागद उलटसुलट करून पाहिले आणि समांतर रेघांवर बोट ठेवलं. "म्हणजे सूर फाटला पाहिजे?" म्हटलं, हो. "हे तर आम्ही पोरांना शिव्या घालून सोडवतो!" पण तिथंच पेटीतून क्लॅरिनेट काढून त्यांनी एक फाटका सूर असा लावला, की शेजारच्या दुकानातला माणूस बाहेर आला. खाली घोगरा, वर शिट्टीसारखा, दोन्ही एकाच फुंकरीत. चाळीस वर्षं जो आवाज टाळला तो त्यांना नेमका कुठं असतो ते ठाऊक होतं.

इथं कामाची गोष्ट. बँडवाल्यांना बरोबर घेणार असाल तर कॅलेंडर नको, पंचांग उघडा. २०२४ ची आषाढी १७ जुलैला होती. त्यानंतर चातुर्मासात लग्नं नाहीत, म्हणून २१ जुलैपासून दर रविवारी तालीम. सप्टेंबरच्या ७ ते १७ गणपती, तेव्हा मास्तरही नाहीत आणि ढोलवालाही नाही. कार्यक्रम २९ सप्टेंबरला, म्हणजे ऐन पितृपंधरवड्यात. आमच्या आत्यानं यावरून दोन दिवस अबोला धरला. पण त्या पंधरवड्यात हॉल रिकामे असतात, भाड्यात घासाघीस चालते आणि वादक मोकळे असतात. एरवी जे नडतं, ते तेव्हा नडत नाही.

पहिली तालीम पार फसली. मंदिराच्या सभामंडपात पाचही जण बसले, मी "सुरू करा" म्हटलं, आणि एकोणीस मिनिटांची म्हणून लिहिलेली रचना सहा मिनिटांत संपली. प्रत्येकानं आपापली रेघ वाचली आणि मोकळा झाला. कुणी कुणाचं ऐकलंच नाही. मी आपलं स्वातंत्र्य वगैरे बोलायला लागलो. इंग्लिश रचनाकार कॉर्नेलियस कार्ड्यूच्या ‘ट्रीटाइज’ची १९३ पानं नुसती चित्रांची आहेत, वाचायचं कसं ते कुठंही सांगितलेलं नाही, असं सांगितलं. आण्णांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "मोकळं सोडलं म्हणता, ते ठीक. पण अभंगात मला माहीत असतं बुवा श्वास कधी घेणार. इथं मी कुणाच्या श्वासाकडं बघू?"

त्या रात्री झोप लागली नाही. खरं सांगायचं तर थोडा रागही आला होता. चार महिने रेघांच्या जाडीवर घालवले आणि हा साधा प्रश्न मला पडला नव्हता. विष्णु दिगंबर पलुस्करांनी शेवटची वर्षं याच नाशकात, पंचवटीत काढली. त्यांनी स्वतःची स्वरलिपी बनवली, ती शिकणाऱ्याला काय, कधी आणि किती वेळ हे कळावं म्हणून. माझ्या कागदात ‘काय’ होतं, ‘कधी’ नव्हतं. विचित्र आवाज ही अडचण कधीच नव्हती, आवाज तर मास्तरांकडं तयार होते. कागद पाच जणांनी एकत्र कसा वाचायचा, हे ठरवणं हेच खरं रचनेचं काम होतं, आणि तेच करायचं राहिलं होतं.

उत्तर घागरीतच होतं. आमच्या घागरीत साधारण बारा लिटर पाणी मावतं, अर्ध्या लिटरचा तांब्या घेतला तर चोवीस तांबे. ठरवलं, पोरगा तांब्या ओतेल, ती धार ऐकायची. धार थांबली की घागरीवर एक टोला. त्या टोल्याचा उतरलेला सूर ऐकल्याशिवाय कुणीही पुढच्या चिन्हावर जायचं नाही. पाच तांब्यांना घोटा, दहाला गुडघा, पंधराला कंबर, वीसला छाती, चोविसाव्याला गळा. हातानं इशारे करणारं कुणी नको, पाणीच सांगेल. २८ जुलैला हे करून पाहिलं, सतरा मिनिटं लागली, आणि पहिल्यांदाच सगळे एकमेकांकडं बघत होते. पाचही कागद मी नव्यानं काढले. छपाईचा खर्च अर्थातच दुप्पट.

पोराची अडचण वेगळीच. नाशिक ढोल वाजवणाऱ्याला हळू वाजव म्हणणं म्हणजे पैलवानाला रांगोळी काढायला सांगण्यासारखं. "काका, एवढं हळू मारलं तर मलाच ऐकू येत नाही." मग टिपरूला आईच्या जुन्या स्वेटरची लोकर गुंडाळली, वरून सुती फडकं. त्याला सांगितलं, मारायचं नाही, टिपरू घागरीवर नुसतं पडू द्यायचं. तीन रविवार गेले. चौथ्या रविवारी आण्णांनी मान डोलावली, पोरगा लाजला.

आण्णांनी तर मला न विचारता सगळ्यात चांगली गोष्ट केली. पखवाजाच्या धुम्याला, म्हणजे डाव्या पानाला, कणकेचा गोळा थापतात तो खर्ज येण्यासाठी, आणि वाजवून झालं की खरवडून काढतात. आण्णा सुरुवात कोरड्या पानावर करत. पाणी गुडघ्याला आलं की मांडीजवळच्या वाटीतून बोराएवढी कणीक घ्यायची, अंगठ्यानं पसरायची, एक थाप मारून बघायची. कमरेला आणखी थोडी. प्रत्येक वेळी धुमा खाली जायचा, घागरीच्या मागोमाग. तालमीला ते कणीक घरून स्टीलच्या डब्यात मळून आणत. एकदा सैल झाली तर त्यांनी तालीम थांबवली आणि सभामंडपातल्या आजींकडून पिठाची चिमूट मागून घेतली. माझ्या कागदावर तिथं नुसती खाली जाणारी रेघ होती.

सूर जुळवण्यावरून ऑगस्टमध्ये एकदा वादावादी झाली. पेटीचे सूर ठरलेले. क्लॅरिनेट पंधरा मिनिटं वाजवून तापलं की वर सरकतं. ताई म्हणाल्या, "मी कुणाला लावू, पेटीला की मास्तरांना?" दोन सूर जवळजवळ पण नेमके जुळलेले नसले की आवाज हलायला लागतो. एक सेकंदाला ४४० कंपनांचा आणि दुसरा ४४३ चा असेल तर सेकंदाला तीन हेलकावे, पाण्यावर नाव हलावी तसे. मला हवं होतं ते हेच. छातीच्या कागदावर मी लिहिलं, "जुळवू नये." ताईंना ते पहिले दोन रविवार जड गेलं. कान तयार असलेल्या माणसाला बेसूर राहायला सांगतोय, याचं मलाही वाईट वाटत होतं.

आता कागदपत्रं. हॉल गंगापूर रोडकडच्या एका संस्थेचा, दीडशे खुर्च्यांचा. चार तासांचे ४,५०० रुपये, अनामत ३,००० वेगळी. अर्ज भरायला गेलो तर तिथल्या बाबूंनी विचारलं, "संहिता कुठंय?" म्हटलं, संगीत आहे, बोल नाहीत. "गाणी आहेत का?" नाहीत. "मग स्टेजवर करणार काय?" घागरीत पाणी ओतणार, हे माझ्या तोंडून गेलं आणि चूक झाली. नाटकाला लागतं तसं, संहिता तपासणाऱ्या सरकारी परिनिरीक्षण मंडळाचं प्रमाणपत्र आणा म्हणाले. तीन हेलपाटे झाले. शेवटी साध्या कागदावर लेखी दिलं, की कार्यक्रमात संवाद, गीत किंवा अभिनय नाही, फक्त वाद्यवादन आहे. सोबत पाचही कागदांच्या झेरॉक्स जोडल्या. बाबूंनी चित्रं निरखली आणि शिक्का मारला. माझा सल्ला, पहिल्याच अर्जात ‘वाद्यसंगीत’ हा एकच शब्द लिहा आणि जास्त बोलू नका. स्थानिक पोलीस ठाण्यात माहितीचं पत्र देऊन पोच घेतली, तिला वीस मिनिटं लागली. माइक-स्पीकर लावणारच नव्हतो, त्यामुळं ध्वनिक्षेपकाचा विषय आला नाही. रचना स्वतःची असल्यानं कुणाच्या परवानगीचाही प्रश्न नव्हता. दुसऱ्याची वाजवणार असाल तर ते आधी बघा, कारण आपल्याकडे रचनाकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं हक्क राहतो.

कॉपीराइटचं सगळे विचारतात. नोंदणी सक्तीची नाही, रचना झाली की हक्क आपोआप असतोच. पण पुरावा हाताशी असावा म्हणून मी ८ जुलैला ऑनलाइन अर्ज केला. फॉर्म १४, फी ५०० रुपये. चित्रांना संगीत म्हणतील का, ही धाकधूक होती. म्हणून १९५७ चा कायदा उघडून व्याख्या वाचली आणि हसूच आलं. जुन्या व्याख्येत मेलडी, हार्मनी असल्या अटी होत्या. १९९४ च्या दुरुस्तीनंतर संगीतकृती म्हणजे संगीत असलेली कृती, त्यात तिचं आलेखी लेखनही आलं, आणि शब्द वा हावभाव मात्र वगळलेले. हॉलवाल्यांना हेच दाखवायला हवं होतं!

फॉर्ममध्ये ‘कृतीची भाषा’ असा रकाना आहे. बिनशब्दांच्या रचनेची भाषा काय? बराच वेळ कर्सर लुकलुकत राहिला. चिन्हांचा खुलासा मराठीत होता, म्हणून मराठी लिहिलं. डायरी क्रमांक, म्हणजे अर्जाचा नोंद क्रमांक, लगेच मिळतो. मग कुणाची हरकत येते का यासाठी ३० दिवस थांबावं लागतं आणि त्यानंतर छाननी. ४ सप्टेंबरला त्रुटीचं पत्र आलं. चूक माझीच, फॉर्मवरचं रचनेचं नाव आणि कागदावरचं नाव यात फरक होता. उत्तराला ३० दिवस असतात, मी दुसऱ्याच दिवशी दिलं. प्रमाणपत्र जानेवारी २०२५ मध्ये हातात पडलं. माझी खरी चूक मात्र दुसरीच. तालमीआधी अर्ज करायची घाई केली, त्यामुळं नोंदणी झाली ती तांबे नसलेल्या पहिल्या मसुद्याची. तुम्ही निदान चार तालमी होऊ द्या. आणि वादकांचा त्यांच्या सादरीकरणावर वेगळा हक्क असतो. रेकॉर्डिंग करणार असाल तर त्यांची लेखी संमती घ्या, मी पाच ओळींच्या कागदावर घेतली.

२९ सप्टेंबर, संध्याकाळी सहा. लोक ६१, त्यातले वीसेक नातेवाईक. मी पेटीमागं बसलो तेव्हा भात्यावरचा हात थरथरत होता. पंधराव्या तांब्यापर्यंत सगळं तालमीसारखं. छातीवर ताई आणि मास्तर यांच्यात तो हेलकावा लागला आणि मागच्या रांगेतली कुजबुज थांबली. एकविसाव्या तांब्याला पोराचा गुडघा चुंबळीला लागला आणि घागर कलंडली. पाणी स्टेजवरून सरळ आण्णांच्या सतरंजीकडं. पोरगा पांढराफटक. त्यानं घागर सरळ केली, आणि ठरल्याप्रमाणे, केवळ सवयीनं, टिपरू पडू दिलं. घागर अर्धी रिकामी झालेली. सूर खणकन वर गेला.

उलट्या प्रवासासाठी माझ्याकडं कागदच नव्हता. मास्तरांनी माझ्याकडं पाहिलं, मी मान हलवली, म्हणजे काय ते मलाही माहीत नव्हतं. त्यांनी फाटका सूर धरून ठेवला आणि हळूहळू त्यातला वरचा सूर काढून घेतला. आण्णांनी भिजलेल्या धोतराकडं दुर्लक्ष करून धुम्यावरची कणीक नखानं खरवडायला घेतली. दर थापेला धुमा थोडा वर. ताई एकट्याच शेवटपर्यंत न जुळवता राहिल्या. चोवीस तांबे झालेच नाहीत, गळ्यापर्यंत आम्ही पोचलोच नाही. बाहेर एक आजोबा म्हणाले, "पूर ओसरला ते छान दाखवलंत." मी खरं सांगितलं, त्यांना ते खोटं वाटलं.

हिशेब सांगतो, कारण तो कुणी सांगत नाही. हॉल ४,५००. मास्तरांना तालमींचे ५,५०० आणि कार्यक्रमाचे ३,०००. बाकी तिघांना प्रत्येकी ३,०००. तालमीसाठी वेगळी घागर घेतली ती वजनावर २,१००. छपाई दोनदा मिळून २,१००. मंदिराला देणगी १,०००, चहा-रिक्षा २,४००, रेकॉर्डिंग २,५००, नोंदणी ५००. एकूण ३२,६००. दाराशी ठेवलेल्या डब्यात ४,३१० जमले. अनामत मिळायला ४३ दिवस लागले, मूळ पावतीशिवाय देत नाहीत, ती जपून ठेवा. तीन हजारांतले अडीचच आले. पावतीवर शेरा, "मंचावर पाणी सांडल्याबद्दल कपात रु. ५००."

सध्या सहावा कागद काढतोय, ओसरण्याचा. आण्णांनी कणीक खरवडायची चिन्हं स्वतः काढून दिली आहेत, मला ती वाचता येत नाहीत, पुढच्या रविवारी समजावतो म्हणालेत. मास्तरांना फोन केला तर मागं वरात चालू होती. ओरडूनच म्हणाले, "आषाढीनंतर बोला!"